पाठमोरा वल्हेकरी

आमच्या महाळुंगे पडवळला समुद्र नाही. तो सह्याद्रीच्या पलीकडे, घाट उतरून गेल्यावर. आमच्या आंबेगाव तालुक्यातून घोड नदी वाहते, आणि डिंभ्याला तिला अडवून जो जलाशय झाला आहे त्याला आमच्याच गावच्या हुतात्म्याचे नाव दिले आहे. 'हुतात्मा बाबू गेनू सागर'. त्यामुळे समुद्र नसला तरी आम्हांला सागर आहे, असे आम्ही पाहुण्यांना थट्टेने सांगत असतो. अशा गावात बसून मी वल्ह्यांवर आणि आरमारांवर लिहावे हे वाचकांना जरा चमत्कारिक वाटेल. पण त्याला कारण झाली माझ्या चौथीच्या वर्गातली एक मुलगी.

इतिहासाचा तास होता. शिवाजी महाराजांच्या आरमाराचा पाठ चालला होता. एका हौशी मुलाने फळ्यावर गलबत काढले. शीड, भगवा झेंडा, तोफा, सारे काही यथास्थित. बाजूला दहा वल्हेकरी काढले आणि त्या दहांनाही झुपकेदार मिशा देऊन शत्रूकडे डोळे वटारून बघत बसविले. चित्र झोकदार होते, पण चूक होते. मी एकदा सहलीबरोबर मालवणला गेलो होतो, तेव्हा पाहिले होते. मी मुलांना म्हटले, "अरे, वल्हवणारा माणूस असा पुढे तोंड करून बसत नाही. होडी जिकडे जायची तिकडे त्याची पाठ असते. हात मागे ओढूनच जोर लागतो."

मुले हसली. त्यांना ही गंमत वाटली. पण तिसऱ्या ओळीतली ती मुलगी हसली नाही. तिने विचारले, "गुरुजी, मग त्याला कळतं कसं, होडी कुठं चालली ती?"

"सुकाणू धरणारा तांडेल असतो ना. त्याला दिसतं."

"आणि तांडेलानं भलतीकडंच नेली तर?"

"तर ती तांडेलाची चूक."

"आणि वल्हं मारणाऱ्याची काहीच नाही?"

तेवढ्यात तास संपला, आणि मी सुटलो. मास्तरांना घंटा कित्येकदा देवासारखी धावून येते. पण त्या दिवशी घरी जाताना तो प्रश्न माझ्याबरोबर घरापर्यंत आला, आणि पुढे कित्येक दिवस तो ओसरीवर ठाण मांडून बसला. ज्याला आपण कोठे चाललो हे दिसत नाही, पण ज्याच्या हाताच्या जोरावाचून जहाज वीतभरही सरकत नाही, त्याच्या माथ्यावर किती दोष ठेवावा?

या प्रश्नाचा माग काढताना मी जाऊन पोचलो तो थेट जुन्या ग्रीकांपाशी. कोठे ग्रीस आणि कोठे आंबेगाव, असे कोणी म्हणेल. पण ते लोक आम्हांला तितकेसे परके नाहीत. शेजारच्या जुन्नरच्या लेण्यांत यवन दात्यांचे शिलालेख आहेत. इरिल नावाच्या एका यवनाने तेथे भिक्षूंसाठी पाण्याची टाकी दिली, चिट नावाच्या दुसऱ्याने भोजनमंडप दिला. यवन म्हणजे ग्रीक, किंवा निदान त्या वळणाचे पश्चिमेकडचे लोक. सोपारा, कल्याण या बंदरांत माल उतरायचा आणि नाणेघाट चढून जुन्नरला यायचा. इसवी सनाच्या पहिल्या शतकात एका ग्रीकभाषी खलाशाने लिहिलेल्या प्रवासवर्णनात तर अशी नोंद आहे की, कल्याणला चुकून लागलेली ग्रीक जहाजे पहाऱ्यात घालून भडोचला नेली जात. समुद्रावर ज्याची सत्ता, त्याच्या बंदरात सर्वांनी माल उतरायचा, हा कायदा तेव्हापासूनचा. तात्पर्य, आमच्या डोंगरांना समुद्राची भाषा अगदीच अपरिचित नव्हती.

त्या ग्रीकांपैकी अथेन्सच्या लोकांचे सारे वैभव एका जहाजावर उभे होते. त्याला ट्रायरीम म्हणत. लांबी सुमारे 37 मीटर, म्हणजे आमच्या शाळेच्या चार खोल्या ओळीने ठेवाव्यात तेवढी. रुंदी जेमतेम साडेपाच मीटर. एवढ्याशा जागेत 170 वल्हेकरी, एकावर एक अशा तीन ओळींत. वरच्या ओळीत 62, मधल्या आणि खालच्या ओळीत प्रत्येकी 54. नाकावर, पाण्याच्या पातळीशी, ब्राँझची भक्कम चोच. तोफा नव्हत्याच, हे सारे जहाजच एक बाण होते, आणि तो बाण सोडणारे धनुष्य म्हणजे ते 170 जण. बासरीच्या तालावर वल्ही पडत. खालच्या ओळीतल्या माणसाला समुद्र दिसत नसे, आकाश दिसत नसे, दिसे ती वरच्या माणसाची पोटरी. पाठमोरेपणाची याहून पूर्ण अवस्था कल्पिता येत नाही.

आता येथे एक समजूत दूर केली पाहिजे. सिनेमात आपण साखळदंडांनी बांधलेले गुलाम आणि त्यांच्या पाठीवर ओढले जाणारे आसूड पाहतो. अथेन्सच्या जहाजांवरचा वल्हेकरी सहसा तसा नव्हता. तो पुष्कळदा शहराचा स्वतंत्र नागरिक असे. गरीब, बिनजमिनीचा, पण पगारी. इ. स. पूर्व 483 मध्ये लॉरियनच्या खाणीत चांदीची मोठी शीर सापडली. प्रत्येक नागरिकाला दहा दहा नाणी वाटून टाकावीत, असे लोकांच्या मनात होते. थेमिस्टोक्लीस नावाच्या पुढाऱ्याने त्यांचे मन वळविले आणि त्या चांदीची जहाजे केली. तीनच वर्षांनी, इ. स. पूर्व 480 मध्ये, सॅलॅमिसच्या सामुद्रधुनीत इराणच्या बादशहाचे अफाट आरमार फुटले, तेव्हा ग्रीकांकडची जवळजवळ निम्मी जहाजे अथेन्सची होती. वाटून घेतली असती तर ती चांदी सणासुदीला उडून गेली असती. दिवाळीचा बोनस हाती आलेल्या आपणा सर्वांना ही गोष्ट थोडी टोचावी अशीच आहे.

पण चांदीपेक्षा मोठी गोष्ट पुढेच घडली. ज्यांच्या हातांनी शहर वाचले, त्या हातांना शहराच्या सभेत वजन आले. प्निक्स नावाच्या टेकडीवर सभा भरे. घोडेस्वाराला जसा तेथे हात वर करता येई, तसाच वल्हेकऱ्यालाही. म्हणजे जो हात सकाळी टेकडीवर ठरावाच्या बाजूने वर होई, तोच हात संध्याकाळी तो ठराव घेऊन जाणारे वल्हे ओढी. 'मला काय ठाऊक, तांडेलाला विचारा,' हे म्हणण्याची सोय त्याला राहिली नाही. आणि म्हणूनच आमच्या मुलीच्या प्रश्नाची खरी परीक्षा तेथे झाली.

इ. स. पूर्व 427. लेस्बॉस बेटावरच्या मितिलिनी या शहराने अथेन्सविरुद्ध बंड केले होते, ते मोडले. अथेन्सची सभा भरली. लोक संतापले होते. त्यांनी ठरविले की, मितिलिनीतला प्रौढ पुरुष एकूण एक मारावा, बायकामुले गुलाम करावीत. ज्यांनी बंड केले त्यांना आणि ज्यांनी केले नाही त्यांनाही एकच शिक्षा. हुकूम घेऊन एक जहाज त्याच दिवशी निघाले.

रात्र गेली. सकाळी अथेन्सचे लोक उठले ते काहीसे खजील होऊन. रागाच्या भरात बोललेले शब्द सकाळी कसे दिसतात हे आपल्यापैकी कोणाला ठाऊक नाही? पुन्हा सभा भरली. क्लिऑन म्हणाला, कालचा ठरावच योग्य, साम्राज्य चालवायचे तर दया परवडत नाही. डायोडोटस म्हणाला, मी दया मागतच नाही, हिशेब मागतो. निरपराध्यांना मारून आपलाच तोटा होईल. हात मोजले. दोन्ही बाजू जवळजवळ सारख्या. थोडक्या हातांनी डायोडोटस जिंकला आणि कालचा हुकूम रद्द झाला.

पण हुकूम तर समुद्रावर होता! पहिल्या जहाजाला सुमारे एका दिवसाची आणि एका रात्रीची आघाडी मिळाली होती, आणि वाट साडेतीनशे किलोमीटरांच्या आसपास. लगोलग दुसरे जहाज सोडले. त्याच्या वल्हेकऱ्यांनी वल्ही हातातून खाली ठेवली नाहीत. तेल आणि द्राक्षारस घालून मळलेले जवाचे पीठ वल्हवता वल्हवताच खाल्ले. काही झोपत, बाकीचे ओढत. मग हे उठत, ते झोपत. मितिलिनीच्या वकिलांनी त्यांना बक्षीसही कबूल केले होते, हे लपवण्याचे कारण नाही. वाराही त्यांच्या आड आला नाही. आणि तरीही ते जहाज पोचले नसते, जर पहिले जहाज आपल्या नेहमीच्या वेगाने गेले असते. थ्युसिडिडीस हा त्या काळचा इतिहासकार, स्वतः पुढे नौदलाचा सेनापती झालेला, तो नमूद करतो की पहिले जहाज सावकाश चालले होते. अशा भयंकर कामगिरीची त्याला घाई नव्हती. मितिलिनीत सेनापती पॅकीस हुकूम वाचून अंमलबजावणीच्या तयारीत होता, एवढ्यात दुसरे जहाज किनाऱ्याला लागले. बंडाचे म्होरके पुढे मारले गेले, त्यांची संख्या हजारावर सांगितली आहे. पण शहर वाचले.

ही गोष्ट वाचल्यापासून मला दुसऱ्या जहाजापेक्षा पहिल्याचेच अधिक कौतुक वाटत आले आहे. दुसऱ्याला हुकूम होता, बक्षीस होते, सर्वांचा आशीर्वाद होता. पहिल्याला सावकाश जा असे कोणी सांगितले होते? कोणीच नाही. त्याला बंड करायचे धैर्य झाले नाही, परत फिरायचे झाले नाही. पण 170 माणसांच्या हातांना ते काम नकोसे झाले होते, आणि हात जड झाले. तोंडाने जे बोलता येत नव्हते ते हातांनी बोलून दाखविले.

परंतु येथेच विचार करणाऱ्याने थबकले पाहिजे. वल्ही जड पडतात ती काय नेहमीच सदसद्विवेकामुळे? आपल्या इतिहासातलेच एक उदाहरण घेऊ.

शिवनेरीवर, म्हणजे आमच्या शेजारीच, समुद्रापासून इतक्या दूर जन्मलेल्या राजाने समुद्राचे महत्त्व ओळखले आणि कल्याण-भिवंडीच्या खाडीत जहाजे बांधायला घेतली. 1664 मध्ये मालवणजवळ सिंधुदुर्गाचा पाया घातला. कोळी, भंडारी, गाबीत हे किनाऱ्यावरचे लोक त्या आरमाराचे हातपाय झाले. रामचंद्रपंत अमात्यांच्या आज्ञापत्रात आरमाराला राज्याचे स्वतंत्र अंग मानले आहे, आणि त्याच प्रकरणात झाडांविषयी जे सांगितले आहे ते मला फार मोलाचे वाटते. गलबतांना लाकूड हवे, पण आंबा-फणसाला हात लावू नये. ती झाडे रयतेने पोटच्या लेकरासारखी वाढवलेली असतात. एखादे झाड जीर्ण झालेच असेल तर धन्याला राजी करून, पैसे देऊन मग तोडावे. जहाज कोठे जाणार हा प्रश्न पुढचा. ते कशाचे आणि कोणाच्या संमतीने बनले, हा प्रश्न त्या राज्यकर्त्यांनी आधी विचारला.

पुढे कान्होजी आंग्र्यांनी या आरमाराचा दरारा बसविला. 1729 मध्ये ते गेले. मुलांत भाऊबंदकी माजली. तुळाजी आंग्रे पराक्रमी खरा, पण तो पेशव्यांना जुमानीना, कोकणातल्या रयतेलाही त्याचा उपद्रव होई. त्याला वठणीवर आणण्यासाठी नानासाहेब पेशव्यांनी 1755 मध्ये इंग्रजांशी करार केला. त्या वर्षी सुवर्णदुर्गावर इंग्रज कमोडोर जेम्स निघाला, बरोबर पेशव्यांची गलबते होती. आंग्र्यांच्या जहाजांचा पाठलाग सुरू झाला, तेव्हा एरवी इंग्रजांपेक्षा चपळ चालणारी ही गलबते मागे रेंगाळू लागली, असे रॉबर्ट ऑर्म या इंग्रज इतिहासकाराने लिहून ठेवले आहे. त्याने कारण दिले आहे आंग्र्यांची भीती. असेलही. पण त्या गलबतांवरचे हात आणि समोरच्या गलबतांवरचे हात एकाच किनाऱ्याचे होते. एकाच दर्याला नारळ देणारे होते. त्यांचे वल्हे जड पडायला भीतीखेरीज दुसरे कारण नव्हतेच, असे म्हणायला माझे मन घेत नाही.

जेम्सने सुवर्णदुर्ग घेतला. 1756 च्या फेब्रुवारीत वॉटसन आणि क्लाइव्ह विजयदुर्गावर आले. 12 तारखेला तोफा सुरू झाल्या. एका गोळ्याने एक जहाज पेटले आणि ती आग दोरखंडांनी एकमेकांना बांधलेल्या गुराबा-गलबतांवर पसरत गेली. एका संध्याकाळी मराठ्यांचे ते आरमार राख झाले. दुसऱ्या दिवशी किल्ला पडला. सुमारे दहा लाखांची लूट इंग्रजांनी आपसांत वाटून घेतली. तुळाजी उरलेला जन्म कैदेत राहिला. आणि तोच क्लाइव्ह व तोच वॉटसन पुढल्याच वर्षी, 1757 मध्ये, बंगालमध्ये दिसतात. भावाला शिक्षा करण्यासाठी शेजाऱ्याच्या हाती मशाल दिली की पुढे ती कोणाचे छप्पर शोधील हे मशाल देणाऱ्याच्या हाती राहत नाही. सुकाणूवर बसलेल्यांना सारे दिसते असे आपण समजतो. पण पुण्यात सुकाणूवर बसलेल्यांना जे दिसले नाही ते कदाचित त्या पाठमोऱ्या वल्हेकऱ्यांच्या हातांना जाणवले असेल.

कदाचित! पण या 'कदाचित'मध्येच सारी अडचण आहे. भित्र्याचे वल्हे सावकाश पडते, आळशाचे पडते, आणि ज्याचे मन खाते त्याचेही पडते. बाहेरून पाहणाऱ्याला तिन्ही सारखीच दिसतात. कचेरीत आपला कागद महिनामहिना हलत नाही तेव्हा तेथील कारकून काही मितिलिनीच्या लोकांचे प्राण वाचवीत नसतो! मग खरे काय ते ओळखायचे कसे?

मला वाटते, एकच कसोटी आहे, आणि ती दुसऱ्या जहाजाची. वाईट कामात जे हात जड झाले, तेच हात चांगल्या कामात हलके होतात का? रात्रंदिवस, खाता खाता, आळीपाळीने झोपून वल्हवायला तयार होतात का? होत असतील तर तो विवेक. दोन्हीकडे सारखेच जड राहत असतील तर तो नुसता आळस किंवा भय. त्याला मोठे नाव देऊ नये.

कोणी म्हणेल, मास्तर, आपल्याकडे तर खाल्ल्या मिठाला जागावे असे सांगतात. भीष्म-द्रोण कौरवांच्या अन्नाला जागले. आणि गीतेत अर्जुनाचे हात जड झाले तेव्हा भगवंतांनी त्याला धनुष्य उचलायलाच लावले ना? हा आक्षेप वजनदार आहे. पण भीष्मांचे मीठ आपण आठवतो ते अभिमानाने की हळहळीने? द्रौपदीला सभेत ओढून आणले तेव्हा त्या म्हाताऱ्याची मान खाली गेली, हे आपले आजी-आजोबाही कथा सांगताना गाळत नसत. आणि अर्जुन पाठमोरा बसलाच नव्हता. त्याने आधी रथ दोन्ही सैन्यांच्या मधोमध नेऊन उभा करायला लावला, समोर कोण आहे ते डोळे भरून पाहिले, मग प्रश्न विचारले, आणि भगवंतांनी ते अठरा अध्याय ऐकून घेतले. शेवटी काय सांगितले? मी सांगितले त्याचा पुरता विचार कर आणि मग तुला वाटेल तसे कर. ज्या आज्ञेच्या शेवटी विचार करण्याची मोकळीक आहे, ती आंधळी आज्ञा नव्हे.

दुसरा आक्षेप अथेन्सच्याच इतिहासातून येतो. इ. स. पूर्व 416 मध्ये मेलॉस नावाच्या छोट्या बेटाने अथेन्सपुढे मान तुकवली नाही. पुन्हा तीच शिक्षा ठरली. या खेपेला पुरुष मारले गेले, बायकामुले विकली गेली. दुसरे जहाज निघालेच नाही. वल्हेकरी तेच, टेकडी तीच, हात वर करण्याचा हक्कही तोच. म्हणजे हक्क असला की विवेक आपोआप जागा राहतो असे नाही. अकरा वर्षांत त्याला झोप लागू शकते. पुढे इ. स. पूर्व 405 मध्ये अथेन्सचे जवळजवळ सारे आरमार शत्रूच्या हाती गेले आणि ती बातमी बंदरावर रात्री पोचली. आक्रोश बंदरापासून शहरापर्यंत एकाकडून दुसऱ्याकडे जात राहिला. झेनोफोन सांगतो की त्या रात्री कोणी झोपले नाही. मेलेल्यांसाठी तर ते रडतच होते. पण आपण मेलॉसच्या लोकांचे जे केले तेच आता आपले होणार, या भयाने अधिक रडत होते. त्या रात्री पाठमोऱ्या वल्हेकऱ्यांनी मान वळवून पाहिले, आणि फार उशीर झाला होता.

आता आमच्या गावाकडे येतो. बाबू गेनू सैद यांचा जन्म 1908 मध्ये महाळुंगे पडवळचा. गरीब शेतकऱ्याचा मुलगा, पोटासाठी मुंबईला गेला, गिरणीत लागला. 12 डिसेंबर 1930 रोजी काळबादेवीच्या भागात विलायती कापडाने भरलेली लॉरी अडवायला तो रस्त्यावर आडवा झाला आणि लॉरी त्याच्या अंगावरून गेली. वय बावीस. हे सर्वांना ठाऊक आहे. पण जी हकीकत सांगितली जाते तिच्यात आणखी एक माणूस आहे, आणि आम्ही मुलांना त्याच्याविषयी फारसे सांगत नाही. तो म्हणजे लॉरीचा हिंदी चालक. त्याने म्हणे गाडी पुढे नेण्यास नकार दिला; चाकावरचे हात काढून घेतले. मग गोऱ्या अधिकाऱ्याने स्वतः चाक धरले.

त्या चालकाच्या नकाराने बाबू गेनूचे प्राण वाचले नाहीत. मग त्याचा उपयोग काय झाला? व्यवहारी माणूस म्हणेल, काही नाही. त्याच्या जागी दुसरा बसला. मला तसे वाटत नाही. ज्याला ते काम करायचे होते त्याला ते स्वतःच्या हातांनी, भर रस्त्यात, सर्वांच्या देखत करावे लागले. जगातली मोठी पापे थोड्या माणसांच्या मनात उपजतात, पण तडीस जातात ती पुष्कळांच्या उसन्या हातांनी. आपला हात आपण उसना दिला नाही तर पाप कदाचित थांबणार नाही. पण ते ज्याचे आहे त्याच्याच हातात उघडे पडेल. एवढेही थोडे नव्हे.

हे लिहिताना मला थोडे थांबावे लागते आहे. कारण दुसऱ्यांच्या वल्ह्यांचा न्याय करताना स्वतःच्या हातांकडे पाहिले नाही असे होऊ नये.

काही वर्षांपूर्वी मी दुसऱ्या एका शाळेवर होतो. कोठली ते सांगत नाही. दिवाळीनंतर वीटभट्टीवर जाणाऱ्या घरांतली मुले महिनेच्या महिने गैरहजर राहत. वरून तोंडी निरोप आला, सततच्या गैरहजर मुलांची नावे पटावरून कमी करा, आकडे बरे दिसत नाहीत. मी केली. तांबड्या शाईने रेघ ओढायला एक क्षण लागतो. पुढच्या जूनमध्ये त्यांतली एक मुलगी आली. मागच्या वर्षीचाच झगा, आखूड झालेला. ती आपल्या जुन्या जागेवर बसली. मी हजेरी घेतली. तिचे नाव यायच्या सुमारास ती सावरून बसली, आणि मी पुढचे नाव घेतले. तिने काही विचारले नाही. फक्त शेवटच्या नावापर्यंत माझ्या तोंडाकडे पाहत राहिली. दुपारी पाहिले तर जागा मोकळी होती.

नाव पुन्हा घालता येत होते. एक कागद लिहायचा, आईबापांना भेटायचे, एवढेच. सोमवारी करू म्हणालो. मग आठवडा गेला, परीक्षा आल्या. जेव्हा मी भट्टीकडे गेलो तेव्हा वर्ष उलटले होते आणि ती माणसे दुसरीकडे निघून गेली होती. कोठे, ते कोणालाच सांगता आले नाही. माझे पहिले जहाज सुसाट गेले होते, आणि दुसरे एक वर्ष उशिरा निघाले. मला कोणी आसूड मारला नव्हता, साखळदंडही नव्हता. 'वरून आलंय' हे दोन शब्द पुरेसे झाले.

तेव्हा चौथीतल्या मुलीला मी जे उत्तर दिले, 'ती तांडेलाची चूक', ते उत्तर मी तिला दिले नव्हते. स्वतःलाच देत होतो. म्हणून दिवाळीच्या सुट्टीआधी एक तास काढून मी ही ग्रीकांच्या दोन जहाजांची गोष्ट सबंध वर्गाला सांगितली. फळ्यावर तेच गलबत पुन्हा काढले. वल्हेकरी या खेपेला पाठमोरे. मग तिला विचारले, "आता सांग, चूक कोणाची?"

तिने चुकीचा विचार सोडूनच दिला होता. ती म्हणाली, "गुरुजी, पण त्यानं मधून मधून मान वळवून बघायचं की!" आणि बसल्या बसल्या दोन्ही हातांनी हवेत वल्हे मारून, मान मागे वळवून दाखविली.

मिशांचा चित्रकार लगेच म्हणाला, "सगळ्यांनीच मान वळवली तर होडी डुलंल."

हा आक्षेप मोठमोठ्या सेनापतींनी आणि साहेबांनी आजवर घेतलेला आहे, आणि तो खोटाही नाही. जो तो हरघडी मागे बघत बसला तर कोणतेच जहाज कोठेच पोचणार नाही. मी उत्तर शोधीत होतो. पण दुसऱ्या जहाजावरचे लोक झोपत कसे, हे तिने नीट ऐकले होते.

"सगळ्यांनी एकदम नाही रे," ती म्हणाली. "आळीपाळीनं."

मी खडू घेतला आणि फळ्यावरच्या दहांपैकी एका वल्हेकऱ्याची मान वळवून काढली.